पहिल्याच पानावर बुडालेला बेडूक

"तुझा बेडूक लटकला बघ," नवरा पलंगावरून म्हणाला.

चिमटाबाईंनी कपड्यांच्या घड्या घालता घालता मानही वर केली नाही. "लटकला नाही, तुम्ही बुडवलात. लाल बटण दाबा, उठेल."

"मघापासून दाबतोय. छत्री उघडी, डोळे मिटलेले. अगदी माझ्यासारखा झालाय."

आता त्या उठल्या. तळहाताएवढ्या यंत्राच्या पडद्यावर छत्रीवाला बेडूक तळ्याच्या वर अधांतरी थांबला होता. कार्टून मालिकेतली त्याची धून मात्र वाजतच होती. कोणतंही बटण चालेना.

मुलांच्या कार्टून मालिकांवरून हातातले व्हिडिओ गेम बनवणाऱ्या कंपनीत बाई अकरा वर्षं मुख्य तपासनीस होत्या. गेममधल्या चुका त्या काट्यासारख्या उपटून काढत, म्हणून ऑफिसात चिमटाबाई हे नाव पडलं, आणि घरी नवऱ्यानंही ते उचललं. या गेमवर काल, शुक्रवारी, त्यांनी सही केली होती. सोमवारी सकाळी कारखान्यात तो विक्रीच्या कॅसेटांमध्ये भरायला घेणार होते. पक्षाघातानंतर नवऱ्याचा उजवा अंगठा हलता राहावा म्हणून त्या नमुन्याचं यंत्र घरी आणत, एवढंच.

त्यांनी यंत्र बंद करून पुन्हा चालू केलं आणि स्वतः चार वेळा खेळून पाहिलं. बेडूक तळ्यातल्या पहिल्याच कमळपानावरून लागोपाठ तीनदा पाण्यात पडला, की गेम गोठत होता. चारही वेळा.

हरून बघणं हा तपासणीचाच भाग होता. पण बाई आणि त्यांच्या हाताखालच्या मुली बेडकाला आधी शेवटच्या पानापर्यंत नेत आणि तिथून मुद्दाम पाण्यात ढकलत. एका फेरीत दोन कामं उरकत. बोटं इतकी तयार झाली होती की पहिल्या पानावरून कुणी पडतं, हेच त्यांच्या ध्यानीमनी उरलं नव्हतं.

"राहू दे की," नवरा म्हणाला. "माझ्याइतकं ढ गिऱ्हाईक कुठून मिळणार त्यांना?"

"पहिल्या दिवशी सगळी पोरं ढच असतात."

त्या खुर्चीत बसून राहिल्या. मागचा गेम त्यांच्या शेऱ्यामुळे तीन आठवडे लांबला, तेव्हा साहेबांनी सांगून ठेवलं होतं की पुन्हा असं झालं तर मुख्य तपासनिसाची जागा दुसऱ्या कुणाला द्यावी लागेल. आणि या वेळी तर चूक सहीनंतर निघाली होती. गप्प बसलं असतं, तर चार महिन्यांनी कुठल्या तरी घरात एक पोर लाल बटण दाबत बसलं असतं, आणि यंत्र मोडलं म्हणून त्यालाच बोलणी बसली असती.

त्यांनी साहेबांना फोन लावला. काय होतं आणि कधी होतं, ते क्रमानं सांगितलं. साहेबांनी एवढंच विचारलं, "सही तुमचीच ना, बाई?"

"माझीच."

कारखान्याला आजच कळवतो, म्हणाले. सोमवारी नमुन्यांच्या कपाटाच्या किल्ल्या हाताखालच्या धाकट्या मुलीकडे द्याव्यात, आणि बाईंनी तूर्त खोक्यांवरची छपाई तपासावी, असंही म्हणाले. बाईंनी बरं म्हटलं.

फोन ठेवून त्या दोषपत्रक भरायला बसल्या. दोष काय, कसा उद्भवतो, किती वेळा पडताळला. शेवटच्या ओळीत दोष कोणाला सापडला ते लिहायचं होतं. तिथे त्यांनी नवऱ्याचं पूर्ण नाव लिहिलं आणि कागद त्याच्यापुढे धरला.

त्यानं आयुष्यभर दुकानांच्या पाट्या रंगवल्या होत्या. कागद डाव्या हातात घेऊन, लांब धरून त्यानं तो निरखला.

"शेवटचं अक्षर खाली उतरलंय," तो म्हणाला.

बाईंनी नवा कागद घेतला, पट्टीनं पेन्सिलीची फिकट रेघ ओढली, आणि नाव पुन्हा लिहिलं.