राणीखालचा रुमाल

माझा लेक प्राणेश कॉलेजात शिकवताना पोरांपुढे घसा ताणून बोलतो, घरात मात्र तोंडाला कुलूप. बायकोशी दोन शब्द बोलायचे तर आधी माझ्याकडे चोरून बघणार. अशा घुम्याशी संसार म्हणजे भिंतीशी संसार.

दसऱ्यात आम्ही पायऱ्यांवर बाहुल्या मांडतो. रोज संध्याकाळी गल्लीभरच्या बायका आरतीला येतात, त्यांची सरबराई सुनेची, तुंगाची. सगळ्यांत वर पट्टद गोंबे, म्हणजे लग्नात माहेरून आलेली राजाराणीची लाकडी जोडी. तुंगाला ती तिच्या आईनं दिलेली. ती माउली आता नाही. विजयादशमीच्या रात्रीच जोडी निजवायची. आधी आडवी केली तर नवराबायकोवर संकट, असं आमच्यात मानतात.

अष्टमीच्या दुपारी जेवून मी बाहुल्यांपुढेच कलंडले. धुपाचा धूर मांजरासारखा पायऱ्या उतरत होता. समईच्या उजेडात बाहुल्यांचेही डोळे जड झालेले. त्या धुरातनं प्राणेश आला, राणीला दोन्ही हातांनी उचललं, तान्ह्या पोरीसारखं निजवलं. राजा एकटाच उभा राहिला. स्वप्न असेल म्हणून मी कूस बदलली.

किंकाळीनं जाग आली. तुंगा राणीला छातीशी धरून उभी होती.

"ह्यांनीच निजवली, अम्मा! इथनं जाताना पाहिलं मी. मी मेलेली हवीय ह्यांना?"

"अय्यो, काय रे हे?"

दारात उभ्या प्राणेशनं माझ्याकडे बघितलं आणि मान खाली घातली.

"बघा, बोलतसुद्धा नाहीत! चालले मी नंजनगूडला, दादाकडे. माझी जोडी घेऊन." तिनं राजाकडे हात लांबवला.

तेव्हा मला राणी निजली होती त्या पायरीवर प्राणेशचा रुमाल दिसला. उशीसारखी घडी, मधोमध राणीच्या डोक्याचा इवलासा खळगा.

"थांब गं. मरण मागणारा माणूस उशी देतो होय?"

तुंगानं राजाकडे नेलेला हात मागे घेतला आणि रुमाल उचलला.

प्राणेश पुटपुटला, "सकाळी चुलीपाशी उभ्या उभ्या डुलकी लागली तिला. पदर पेटला असता. अम्मासमोर 'जरा नीज' कसं म्हणू? म्हणून... तिच्या बाहुलीला तरी निजवलं."

तुंगानं राणी पुन्हा उभी केली, राजाला अगदी खेटून. रुमाल मात्र कमरेला खोचला. धूर पुन्हा आपल्या वाटेनं उतरू लागला.

मी म्हटलं, "ऐक रे प्राणेश. बायकोची दया आली तर बायकोला सांगायची, लाकडाला नाही. मी काय खाते तुला? ही निजेल आता दिवेलागणीपर्यंत. संध्याकाळच्या बायकांसाठी चण्याची उसळ तू करायचीस. खारट झाली तरी खाईन. पण गप्प बसून नाही खाणार."