सरत्यादेवाचं अजीर्ण

त्या गावाचा देव काळाचा. सगळे त्याला सरत्यादेव म्हणत. फुलं, दिवे असलं काही त्याला लागत नसे. देवळात जायचं, मूर्तीच्या उघड्या तोंडाशी वाकायचं आणि आपल्या आयुष्यातली एखादी घटका तिथे पुटपुटायची, की झाली पूजा. देव ती घटका गिळून टाकी आणि देणाऱ्याच्या डोक्यातून ती साफ पुसली जाई. आता चांगली घटका कोण देतो? नावडत्या पाहुण्याबरोबरची संध्याकाळ, दातांच्या डॉक्टरकडचा अर्धा तास, मेव्हण्याचं भाषण असलं काहीबाही देवाच्या तोंडात पडे. देव मुकाट्याने गिळी.

देवळामागच्या गल्लीत एका शिंपीणबाईचं दुकान होतं. हात असा, की शिवण शोधून सापडू नये. पण तिच्याकडून कपडा वेळेवर मिळाल्याचं कोणाच्या ऐकिवात नव्हतं. बाई आळशी मुळीच नव्हती. ‘नाही’ हा शब्द तिच्या जिभेवर येतच नसे, तिथे सगळं अडत होतं. दहा कपड्यांची ताकद असताना चाळीस घेऊन बसे, आणि मग ‘फक्त काजं राहिलीत’, ‘इस्त्री तेवढी बाकी आहे’, ‘बसा ना, झालंच’ म्हणत गिऱ्हाइकांना बाकावर ताटकळत ठेवी. एका मुलीने लग्नासाठी टाकलेला झगा तिची लेक शाळेत जायला लागली तरी खुंटीवरच होता.

एवढं असूनही गिऱ्हाईक तुटत नसे. कसं ते बाईलाही कळत नव्हतं.

एकदा दुपारी चारच्या सुमाराला एक लठ्ठ म्हातारा पोट धरून दुकानात शिरला.

“बसा, फक्त काजं राहिलीत,” बाई मान वर न करताच म्हणाली.

“मी काही शिवायला टाकलेलं नाही. मी सरत्या. पुढच्या देवळातला.”

दाराशी बाईची सासू बटणं लावत बसली होती. तिने चष्म्यावरून त्याला न्याहाळलं. “मूर्तीत बारीक दिसता.”

“अजीर्णाने फुगलोय, आजी.”

“आजी कोणाला म्हणता? आपल्या दोघांत वयाने मोठं कोण?”

देव जरा वरमला. मग बाईकडे वळून म्हणाला, “अकरा वर्षं तुझं दुकान खातोय मी! जो येतो तो या बाकावर ताटकळलेली घटका माझ्या तोंडात कोंबतो. सकाळी तुझा बाक, दुपारी तुझा बाक. ढेकर दिला तरी इस्त्रीचा वास येतो!”

बाईची कात्री कापडातच थांबली. म्हणजे गिऱ्हाइकांना ताटकळल्याचं आठवतच नव्हतं तर!

“मग देवा,” ती लाडीगोडीने म्हणाली, “असेच गिळत राहा की. तुमच्या कृपेने चाललंय सगळं.”

“वा गं वा! मी आता सगळ्या घटका ज्याच्या त्याला परत करणार. उद्या सकाळी अख्ख्या गावाला अकरा वर्षांचं ताटकळणं एकदम आठवू दे.”

उद्या सकाळी गल्लीत कोण कोण येईल आणि कोणाच्या हातात काय काय असेल, ते बाईला आताच दिसायला लागलं.

“असं नका करू हो! सगळं शिवून देते. एवढी दुपार द्या मला.”

“दुपार ना? घे.” देव बाकावर ऐसपैस बसला. “मी उठेपर्यंत ही दुपार सरायची नाही. आणि तुझं काम संपेपर्यंत मी उठायचा नाही.”

समोरच्या छपरावरचं ऊन जागच्या जागी थिजलं. शाळेतल्या गुरुजींनी पुढच्या वर्षाचाही अभ्यास उरकला, तरी शाळा सुटेना. न्हाव्याकडचा एकजण दाढी उरकून, डोकं भादरून, कंटाळून पुन्हा खुर्चीत बसला. बाईचं मशीन मात्र थांबलं नाही. एकेक कपडा खुंटीवरून उतरत होता. लग्नाचा झगा न्यायला आलेली ती मुलगी, आताची लेकुरवाळी, झगा छातीशी धरून रडली आणि मग बाईला सडकून बोलली. बाईने खाली मान घालून ऐकून घेतलं.

इकडे सासूने देवाला गावातल्या भानगडी सांगायला घेतल्या. देवाचे डोळे विस्फारले.

“पाववाल्याने मिशी काढली ती यासाठी? हे मला कोणी सांगितलंच नाही!”

“कसं सांगतील? ताटकळणं तुम्हाला दिलं, गप्पा स्वतःला ठेवल्या.”

देव पोट धरधरून हसला. हसता हसता पोटातला अकरा वर्षांचा गोळा विरघळत गेला.

शेवटच्या खुंटीवर सगळ्यांत खाली एक जाकीट निघालं. बाई चपापली. “आई, हे तुमचं.”

“नऊ वर्षं झाली.”

“मग बोलला का नाहीत?”

“दर महिन्याला देवळात एक घटका देऊन येते ना. काय देते ते आठवत नाही, पण येताना तुझ्यावरचा राग गेलेला असतो.”

बाईला हसावं की रडावं कळेना. जाकिटाचं अस्तर तिने दोनदा उसवून पुन्हा लावलं, इतकं मन लावून शिवलं.

शेवटी खुंट्या रिकाम्या झाल्या. कित्येक वर्षांनी मागची भिंत दिसली. ती हिरवी होती, हेही बाई विसरली होती.

“शाब्बास! नाही परत करत घटका,” देव म्हणाला आणि अंगावरची शाल सोडून टेबलावर टाकली. शालीचा पदर दाराबाहेर, गल्लीच्या वळणापर्यंत गेला होता आणि काठ सगळीकडून फाटला होता. “आता संध्याकाळपर्यंत हिला एवढे टाके घालून दे.”

‘झालंच’ अगदी ओठांवर आलं. बाईने भिंतीकडे पाहिलं, सुजलेल्या बोटांकडे पाहिलं.

“नाही जमणार, देवा.”

सासूच्या मांडीवरून बटणं घरंगळली. देवाला आजवर ‘नाही’ कोणीच म्हटलं नव्हतं. काळाला कोण म्हणणार?

“मग मी काय करू?” त्याने केविलवाण्या आवाजात विचारलं.

सासूने सुई ओवून त्याच्या हातात दिली. “बसा. शिकवते.”

देव शिवायला बसला. एक टाका पडला की छपरावरचं ऊन वीतभर खाली सरके. तेवढ्यात सासू ओरडे, “हा टाका आहे की कुंपण? उसवा!” की ऊन पुन्हा वर चढे. बाई कापायच्या टेबलावर शालीच्या एका टोकाचीच उशी करून आडवी झाली, आणि ऊन खालीवर होत असतानाच तिला गाढ झोप लागली.