गाजरबुवांचे दात

शहरात कोणाला कच्च्या आहाराची कल्पनाही नव्हती, तेव्हापासून गाजरबुवा लोकांना कच्चं खायला सांगत होते. नाव लोकांनी ठेवलेलं. पोटापाण्यासाठी ते घड्याळं दुरुस्त करत. कच्चं खाणाऱ्याचा दात मरेपर्यंत पडत नाही, हे त्यांचं ठाम मत. दर वर्षीच्या व्याख्यानात ते शेवटी एक गाजर कडाकडा चावून दाखवत आणि पहिल्या रांगेतल्या थोरल्या बहिणीकडे बोट करत. "ही आमची ताई. पन्नास वर्षं शिजवलेलं खाल्लं. आता तोंडाचं बोळकं बघा!" ताई बिचारी ओठ मिटून मान खाली घाले. ती बुवांकडेच राही आणि घरी चूल नव्हतीच. तिच्या वाट्याला किसलेला मुळा येई.

एकसष्टावं लागलं आणि बुवांच्याच दातांनी एकेक करून राजीनामे दिले. तोंड उघडायला नको म्हणून बुवांनी मौन जाहीर केलं, गळपट्टा नाकापर्यंत ओढला आणि गुपचूप कवळी करणाऱ्याचं दुकान गाठलं. व्याख्यान दहा दिवसांवर आलं होतं.

"बसली झकास," कवळीवाला म्हणाला, "पण आठ दिवस मऊच खायचं. उकडलेला बटाटा, भोपळा असलं काहीतरी. नाहीतर गाजराबरोबर दातही बाहेर येतील."

"उकडलेलं? मी?"

"मग भाषण पुढे ढकला."

तीस वर्षांची अब्रू पणाला लागली होती. बुवा रोज दुपारी दुकानामागच्या खोलीत जाऊ लागले. कवळीवाल्याची बायको बटाटा कुस्करून वर लोणी घाली. पहिल्या दिवशी बुवांनी डोळे मिटून औषधासारखा गिळला. तिसऱ्या दिवशी मीठ मागितलं. पाचव्या दिवशी घरून मोठा वाडगा घेऊन आले. गरम घास घेताना ताई आठवे, लाज वाटे, घास क्षणभर अडके, पण उतरे. नवव्या दिवशी काही कारण नसताना ते पुन्हा हजर झाले.

व्याख्यानाला सभागृह खचाखच भरलं. गाजर कडाड् मोडलं, टाळ्या पडल्या. सवयीने बुवांचं बोट पहिल्या रांगेकडे वळलं आणि ताईने सवयीनेच मान खाली घातली.

बुवांना स्वतःची शरम वाटली. त्यांनी दोन्ही कवळ्या काढून टेबलावर ठेवल्या आणि मग बराच वेळ बोलले: बटाटा, लोणी, मागची खोली, माफी. श्रोते एकमेकांची तोंडं बघत राहिले.

ताई काठी टेकत व्यासपीठावर चढली.

"आधी ते दात घाल. तुझं हे बोलणं इथे फक्त मला कळतंय," ती म्हणाली. "आणि माफीबिफी राहू दे. जाताना शेगडी घेऊ. बटाटे मात्र मी निवडणार."