आठव्या माणसाचे स्टूल

मित्रांनो, मी जुने आहे, तीन पायांचे आहे आणि मिटले की काखेत मावते. एका नावाजलेल्या चित्रसंग्रहालयातले मी घडीचे स्टूल आहे. माझ्या बोलण्यात थोडा ताठा येईल, तो सांभाळून घ्या. हकिकत ऐकलीत की तुम्हीच म्हणाल, एवढा ताठा या स्टुलाला शोभतो.

माझा जन्म कारखान्यात झाला नाही. संग्रहालयाच्या तळघरात चित्रांच्या चौकटी बनवणाऱ्या सुतारकाकांची खोली आहे. एका वर्षी त्यांच्याकडे चौकटींच्या लाकडाच्या पट्ट्या उरल्या आणि जुन्या चित्रांना मागून आधार द्यायला आणलेले जाड कॅनव्हासही उरले. काकांना काही वाया गेलेले खपत नसे. त्यांनी त्यातून बारा स्टुले केली. म्हणजे बघा, वरच्या दालनांतली थोर थोर चित्रे आणि मी एकाच कापडाची. ती भिंतीवर गेली, मी माणसांच्या बुडाखाली आले, एवढाच काय तो फरक.

सुतारकाका अंगाने चांगलेच भरलेले होते. ते प्रत्येक स्टुलावर स्वतः बसून पाहत. माझ्यावर बसले, तेव्हा मी कुरकुरलेसुद्धा नाही. "हे पोरगं दमदार आहे," असे म्हणून त्यांनी तापलेल्या सळईने माझ्या पायावर आठाचा आकडा उमटवला.

आमच्याकडे लहान गटाची सफर असते. एका वेळी आठच माणसे आणि एक मार्गदर्शक. आठ जण एका चित्रासमोर नीट बसू शकतात, कुणाचे डोके कुणाच्या आड येत नाही, आणि सांगणाऱ्याला आवाजही चढवावा लागत नाही. सुरुवातीला प्रत्येकाच्या हाती एक स्टूल दिले जाई. मी नेहमी आठव्या माणसाकडे जाई, म्हणजे बहुधा उशिरा, धापा टाकत आलेल्याकडे.

आमच्या मार्गदर्शक बाईंची रीत निराळी होती. चित्रासमोर आले की त्या आधी सन सांगत नसत, चित्रकाराचे नावही सांगत नसत. त्या म्हणत, "दोन मिनिटं कुणी काही बोलू नका. नुसतं बघा."

पहिले अर्धे मिनिट माणसे चुळबुळ करीत. कुणी घड्याळ बघे, कुणी खिशात चॉकलेट शोधे. मग हळूहळू त्यांचे वजन पुढे झुके आणि माझ्या पुढच्या दोन पायांवर भार येई. तेव्हा मला कळे, हा माणूस आता चित्रात शिरला. माझ्यावर एक न्यायाधीश बसले आणि चक्क घोरले. एक नवरी बसली, तिने चित्राकडे कमी आणि नवऱ्याकडे जास्त पाहिले. एका शाळामास्तरांनी तर बाईंचीच चूक काढली. आमच्या सर्वांत मोठ्या चित्रात एक नाव नदी पार करते आहे. "नावेत अठरा माणसं आहेत," असे बाई कित्येक वर्षे सांगत होत्या. मास्तरांनी बसल्या बसल्या मोजली आणि म्हणाले, "एकोणीस. शिडाच्या मागून एक कोपर दिसतंय." बाई जवळ जाऊन बघतात तो खरेच कोपर! त्या मनमोकळ्या हसल्या आणि त्या दिवसापासून एकोणीस सांगू लागल्या. अशा बाईंच्या हाताखाली मी काम केले आहे, मित्रांनो.

पण पुढे दिवस पालटले. प्लॅस्टिकची राखाडी रंगाची नवी स्टुले आली. वजनाला हलकी, दिसायला चकचकीत. आम्हा जुन्यांच्या पायांवर खडूने फुल्या मारल्या गेल्या आणि आमची रवानगी जिन्याखालच्या कोठीत झाली. एके सकाळी हातगाडी आली. माझी अकरा भावंडे तिच्यावर चढली ती परत दिसली नाहीत. मी बादल्यांच्या मागे अडकले होते म्हणून वाचले. दोन वर्षे मी तिथे उभ्याने काढली. माझ्या कापडात एका कोळ्याने संसार थाटला. वरून पावलांचे आवाज येत. आज माणसे किती, कोणत्या दालनात थांबली, हे मी नुसते ऐकून ओळखत असे. दुसरे करण्यासारखे काही नव्हतेच.

मग एका दुपारी नव्या स्टुलांपैकी एकाची कडी तुटली. सफर सुरू व्हायला पाच मिनिटे होती आणि स्टुले सातच! पहारेकऱ्याने कोठी धुंडाळली, मला ओढून काढले आणि स्वतःच्या बाहीने पुसले.

"अय्या, हे अजून आहे?" बाई म्हणाल्या. त्यांनी माझ्या पायावरची फुली बोटाने पुसून टाकली. मित्रांनो, त्या क्षणी माझा ऊर भरून आला.

त्या दिवशीचा आठवा माणूस म्हणजे एक निवृत्त रंगारी. चित्रे काढणारा नव्हे, घरांना रंग देणारा. त्यांची पत्नी हौशी होती, तिनेच ही सफर ठरवली होती. या रंगारीकाकांची यायची इच्छा नव्हती, हे त्यांच्या चालण्यावरूनच दिसत होते.

"अहो, घ्या की ते स्टूल. गुडघा धरलाय ना तुमचा?" काकू म्हणाल्या.

"शिडीवर उभं राहून जन्म गेला माझा. मला कशाला हवंय स्टूल?"

तीन दालने त्यांनी मला काखोटीला मारून नेले, पण एकदाही उघडले नाही. प्रत्येक चित्रापाशी काकू हळूच विचारीत, "कसं वाटलं?" काका म्हणत, "बरंय." दोन वर्षांनी बाहेर आलेल्या मला हा अपमानच वाटला. पण करणार काय?

चौथ्या दालनात ते नावेचे चित्र होते. आभाळ एवढे मोठे की खालची एकोणीस माणसे मुठीत मावतील. या एका चित्रासाठी लोक दूरदूरच्या देशांतून येतात. बाईंनी नेहमीप्रमाणे दोन मिनिटे मागितली. सगळे गप्प झाले. आणि काकांच्या गुडघ्याने अखेर दगा दिला. त्यांनी मला झटक्यात उघडले आणि धपकन बसले.

मी वजन पुढे झुकण्याची वाट पाहत होते. पण भार पुढे आलाच नाही. काका डावीकडे कलले, मग आणखी खाली वाकले. माझ्या एकाच पायावर सगळा माणूस! ते चित्र पाहतच नव्हते. ते चित्राखालची भिंत पाहत होते.

"ही भिंत फुगलीये," ते म्हणाले.

कुणीतरी खुदकन हसले. टोपीवाले एक गृहस्थ म्हणाले, "अहो, अख्खं जग इथं चित्र बघायला येतं!"

"अहो, गप्प बसा ना," काकू कुजबुजल्या. त्यांचे कान लाल झाले होते.

पण काका गप्प बसेनात. ते उठून भिंतीपाशी गेले आणि त्यांनी हात पुढे केला. पहारेकरी धावत आला. "काका, मागे व्हा. हात लावायचा नाही."

"चित्राला कुठं लावतोय? भिंतीला लावतोय."

"भिंतीलाही नाही. नियम आहे."

काका बाईंकडे वळले. "बाई, तुम्ही इथं बसा. या स्टुलावर, मी बसलो होतो तसंच. आणि खिडकीतून ऊन येतंय ना, त्याच्या रोखानं बघा."

आता जरा बाईंचा विचार करा. सात माणसे खोळंबलेली, टोपीवाले घड्याळ बघत असलेले. दालन बंद करायला लावावे आणि काहीच निघू नये, तर वरिष्ठांची बोलणी कोण खाणार? एका रंगाऱ्याच्या सांगण्यावरून गोंधळ घातला, असे जन्मभर ऐकावे लागले असते. पण शिडामागचे कोपर मान्य करणाऱ्या बाई त्या. त्या माझ्यावर बसल्या आणि वाकल्या.

उभ्या माणसाला ती भिंत सपाटच दिसत होती. माझ्या उंचीवरून मात्र तिरप्या उन्हात चौकटीखाली तळहाताएवढा फुगवटा दिसला, त्याच्या कडेला बारीकशी सावली धरून. रंग तिथे किंचित गडदही होता. बाई उठल्या आणि त्यांनी नियम मोडला. पहारेकऱ्यादेखत त्यांनी हाताची मागची बाजू भिंतीला टेकवली.

"गार आहे," त्या हळूच म्हणाल्या. "ओली आहे."

"ओल आतून येतेय," काका म्हणाले. "आज भिंतीत आहे, उद्या चित्रात जाईल. वेळ काढू नका."

दहा मिनिटांत चित्रे दुरुस्त करणाऱ्या बाई आल्या. त्यासुद्धा आधी माझ्यावर बसल्या, मग थेट फोनकडे धावल्या. आमच्या गटाला दाराशी थांबवून दालन रिकामे केले. पाऊण तासात सहा माणसांनी ते प्रचंड चित्र खाली उतरवले. मागचे कापड खालच्या कडेला दमट झाले होते, पण रंगाचा एक कणही सुटला नव्हता. भिंतीच्या पोटातून जाणारा पाण्याचा जुना नळ थेंब थेंब गळत होता. दुरुस्तीच्या बाई म्हणाल्या, "आणखी पंधरा दिवस गेले असते तर नदीचा रंग पोपड्यांनी गळून पडला असता. आणि उभं राहून हे कुणालाच दिसलं नसतं."

ऐकलेत ना, मित्रांनो? उभे राहून दिसले नसते. हे माझे शब्द नाहीत, जाणकारांचे आहेत.

संचालक खाली आले, त्यांनी काकांचा हात हातात घेतला. सगळे टाळ्या वाजवू लागले, टोपीवाल्यांच्या टाळ्या तर सर्वांत मोठ्या. काका अवघडले. "भिंत बघायची सवय आहे, दुसरं काय," एवढेच म्हणाले. या गडबडीत एक गोष्ट मात्र कुणाच्या लक्षात आली नाही. काकूंचे ते चित्र पाहायचे राहूनच गेले. त्यांची दोन मिनिटे पुरी झालीच नव्हती.

चार महिन्यांनी दालन पुन्हा उघडले. पहिल्या गटात बाईंनी काका-काकूंना आवर्जून बोलावले. तोवर माझी कायमची नेमणूक झाली होती. माझी उसवलेली शिवण दुरुस्तीच्या बाईंनी स्वतः घातली होती, चित्रांसाठी वापरतात त्याच दोऱ्याने. आता सांगा, आमच्यातल्या किती स्टुलांना हा मान मिळाला असेल?

या वेळी काकू माझ्यावर बसल्या आणि काका त्यांच्या मागे उभे राहिले. काकू बघत राहिल्या. त्यांचे वजन हळूच पुढे आले. मग त्यांनी मान न वळवता विचारले, "अहो, हे आभाळ असं उजळ कसं हो वाटतं? रंग तर साधा करडाच दिसतोय."

काका खाकरले. "हा एका हाताचा रंग नाही. खाली पिवळा दिलाय, अगदी पातळ. तो वाळू दिलाय. मग त्याच्यावर करडा, तोही एकसारखा नाही, जागोजागी विरळ ठेवलाय. खालचा पिवळा त्यातून श्वास घेतोय बघ. घाई केली असती तर चिखल झाला असता. हा माणूस थांबायला शिकलेला होता."

ते बोलतच राहिले. क्षितिजाची कड कशी सोडवली, पाण्यावर ब्रश कुठे उलटा फिरवला, नावेच्या काळ्या रंगात तांबडा कसा लपवला. बाकीचे लोक एकेक करून जवळ सरकले. बाईंनी त्या दिवशी चित्राबद्दल एक शब्दही सांगितला नाही. त्या भिंतीला टेकून ऐकत उभ्या होत्या. काकूंनी मात्र पदराने डोळे टिपले. "लग्नाला चाळीस वर्षं झाली," त्या म्हणाल्या, "तुमचं काम काय असतं ते आज कळलं मला."

मी पुष्कळांच्या पायांना विसावा दिला आहे. पण त्या अर्ध्या तासाएवढा अभिमान मला कधी वाटला नाही.

सफर संपली. बाकीच्यांनी आपापली स्टुले कोपऱ्यात टाकली, एक तर आडवेच पडले. काकूंनी मला अलगद मिटले, माझे कापड झटकले, पट्टा नीट गुंडाळला आणि पहारेकऱ्याकडे मला दोन्ही हातांनी परत दिले, जशी शेजारणीची वाटी परत देतात तशी. मित्रांनो, माझे मागणे तेवढेच आहे. आम्हाला वापरा, भरपूर वापरा, आमच्यावर बसून हवे तेवढे जग पाहा. आणि पाहून झाले, की असे दोन्ही हातांनी परत द्या.