राजाचा विस्तव

दारात एक भिक्षू उभा आहे, नखशिखांत भिजलेला. हातात न पेटवलेली मेणबत्ती.

"राजा रॉबर्ट गेले," तो सांगतो. "त्यांचं काळीज चांदीच्या डबीत घालून पवित्र भूमीकडे नेतायत. त्यांच्या नावानं दिवा लावायचाय. जरा विस्तव देता, बाई?"

माझी आई, बेथोक, चुलीपाशी बसली आहे. ती मान वर करत नाही.

भिजून आलेल्याला विस्तव नाही म्हणायचं नाही, हा आमच्या बखन मुलखाचा रिवाज. पाहुणा असो, चोर असो. म्हणून भिक्षूला कळत नाही, ही बाई गप्प का.

मला कळतं. मी तेव्हा जन्मले नव्हते, तरीही.

*

आधी धूर दिसला.

याच राजाने आमच्या सरदाराला लढाईत हरवलं. सरदार पळाला आणि राजाची माणसं बखन जाळत निघाली. घर उरू नये, धान्य उरू नये, सरदाराचं नाव घेणारं तोंड उरू नये. बाकीच्या मुलखात तो देश सोडवणारा राजा. इथे आया अजून रडणाऱ्या पोराला म्हणतात, "गप, धूर येईल."

वाडीतली माणसं जंगलात गेली. जाताना प्रत्येकाने आपापल्या चुलीतला विस्तव मडक्यात घालून नेला. मागे एकच घर राहिलं, आमचं. माझा बाप फर्खर लढाईतून मांडीत भाल्याची जखम घेऊन परतला होता. त्याला उचलणार कोण?

बेथोकने दाराबाहेरच्या जळणाच्या राशीत पोकळी केली, नवऱ्याला आत निजवलं आणि पुढे पुन्हा विटा रचल्या. आमचं जळण म्हणजे दलदलीतून विटांसारखी कापून वाळवलेली, लाकडासारखी जळणारी माती. राशीवर गवताचं छप्पर. बाहेर कितीही पाऊस पडो, आत खडखडीत कोरडं.

एक निखारा पुरे.

*

"सासूबाई, चूल विझवा."

"काय म्हणालीस?"

"या पावसात त्यांच्याकडे विस्तव कुठून असणार? आपल्याच चुलीतला घेतील आणि आपलंच घर—"

"माझ्या सासूच्या सासूनं पेटवलेली आहे ही. या घरात माणसं मेली, पण ही नाही मेली. तुमच्या माहेरी विझवत असतील."

"बाहेर राशीत तुमचा मुलगा आहे."

"आणि ही कोण आहे?"

बेथोकने पुन्हा दाराबाहेर राशीकडे पाहिलं.

एथ्ना, माझी आजी, एवढंच म्हणाली, "झाकते." तिने निखारे गोल पसरले, त्यांचे तीन वाटे केले, वर राख ओढली. निखारे सकाळपर्यंत जिवंत राहावेत म्हणून रोज संध्याकाळी ओढायची तशी. त्या दिवशी दुपारीच.

*

आत आलेला राजाचा माणूस हसरा होता. ते जास्त वाईट. नाव नेख्तान, असं दारातला सोबती त्याला हाक मारताना ऐकू आलं. बाकीचे बाहेर आमच्या गायी सोडत होते.

"देव बरं करो, आजी. काय पाऊस हा! जोड्यात मासे पोहतायत माझ्या. थोडा विस्तव द्या."

"विस्तव नाही."

जन्मात पहिल्यांदा एथ्नाने हे शब्द भिजलेल्या माणसाला सांगितले.

"बखनमध्ये विस्तव नाही? अहो, आम्ही एवढा वाटत आलोय की!"

सोबती फिदीफिदी हसला. "नेख्तान, मागच्या गावातनं आणायचा तर जाऊन येऊन अर्धा दिवस चाल आहे, बरं का."

नेख्तान हसला नाही. तो चुलीकडे बघत होता. राखेवर तीन पुसट रेषा होत्या. तो गुडघ्यांवर बसला आणि देवळात बोलतात तसा हळू बोलला:

"झाकते तुला, जशी झाकली लेकरं—"

आणि थांबला.

निखारे झाकतानाची ही प्रार्थना अर्धी, उघडी ठेवत नाहीत. ठेवली तर घरातलं कुणीतरी उघड्यावर मरतं. एथ्नाने ओठ मिटून धरले होते. बेथोक डोळ्यांनी म्हणत होती, नको. नको. नको.

"संत ब्रिजितनं शालीखाली," एथ्ना म्हणाली.

"माझी आईपण रोज म्हणायची," नेख्तान म्हणाला, आणि हाताने राख बाजूला सारली. खाली लाल.

तो निखारे भरायला मडकं पुढे ओढत होता तेवढ्यात बेथोकने पाण्याची बादली उचलली आणि चुलीवर उपडी केली.

*

आवाज: साप चिरडल्यासारखा.

वाफ.

मग काळा चिखल.

*

नेख्तान चिडला नाही. तोंडावरची राख पुसत तो बेथोककडे बघत राहिला.

"घरं जाळताना खूप बायका बघितल्या मी," तो म्हणाला. "पाया पडतात. शिव्या देतात. एकीनं कढई फेकून मारली. पण स्वतःची चूल मारणारी आजच बघतोय." तो उठला. "चुलीपेक्षा जवळचं काय लपवलंयस ग तू इथं?"

दुसऱ्या कुठल्या मुलखातला शिपाई असता तर त्याला एक चिडलेली बाई दिसली असती. हा आमच्यासारख्याच घरात वाढला होता.

"बघा रे सगळं."

त्यांनी पेंढ्याचं अंथरूण उसकटलं. पेटी उलटी केली. गोठ्याच्या छपरात भाले खुपसले. नेख्तान एकटाच जळणाच्या राशीपाशी गेला. वरची वीट उचलली. हुंगली. बाजूला ठेवली. दुसरी उचलली.

ही गोष्ट सांगताना आई इथे थांबते, दर वेळी. तिचा हात हवेत राहतो, वीट धरल्यासारखा. लहानपणी या जागी मी श्वास रोखायची. आणखी एक वीट, की बापाचा खांदा. आणखी एक वीट, की मी नाही.

*

तेवढ्यात एथ्ना ओरडत अंगणात आली.

"शोध, शोध! आणि काही सापडलं तर मलाही दाखव! हिच्यापाशी काय असणार लपवायला? माझी आग मारली, कारण ती माझी होती! आल्या दिवसापासून हिच्या डोळ्यांत खुपतेय. लापशी करपवते, दूध नासवते, नातवंड मागितलं तर तेही होत नाही हिच्यानं! पोरगा माझा तुमच्या लढाईत मेला. हिनं दोन आसवं गाळली? विचार तिला, गाळली का? घेऊन जा हिला! राजाला म्हणावं, तू गावं जाळलीस, हिनं घर विझवलं, तुमचं दोघांचं लग्न लावून टाका!"

आधी सोबती हसला. मग गायींपाशी उभे असलेले सगळे हसले. बेथोक मात्र रडत होती, आणि ते रडणं खरं होतं.

नेख्तानच्या हातात अजून वीट होती. त्याने सासूकडे पाहिलं, सुनेकडे पाहिलं.

"आमच्या घरीपण हेच," तो म्हणाला. "राजा कुणाला भीत नाही, आजी, पण तुम्हाला भ्याला असता." त्याने वीट राशीवर टाकली.

ओटची पोती त्यांनी चिखलात ओतून पायांनी तुडवली. गायी नेल्या. जाळायला विस्तव नव्हता.

*

फर्खरला घरात आणलं तेव्हा त्याचे दात वाजत होते. अंगणातून आणताना भिजलेले कपडे, अंगात ताप, आणि मधोमध ती काळी, गार चूल. जंगलातल्यांचे निखारे पावसात विझले होते. रात्र काढणं त्याला जमलं नसतं.

बेथोकने मडकं घेतलं आणि ती मागच्या गावाकडे चालू लागली, राजाच्या माणसांनी जाळलेल्या. पडलेल्या आढ्यांखाली अजून धुमसत होतं. त्या गावात तिने काय पाहिलं, ते तिने मलासुद्धा सांगितलेलं नाही. एका घराच्या तुळईखालून तिने निखारे घेतले. ते घर तिच्या ओळखीचं होतं.

"कुठून आणलास?" एथ्नाने विचारलं.

"मागच्या गावातनं."

"म्हणजे राजाचा."

"हो."

एथ्ना पोराचे दात वाजताना ऐकत राहिली. मग खाली बसली, चिखल उपसला, निखारे मांडले. बाप जगला.

त्या आगीवर एथ्नाने मरेपर्यंत रोज राख ओढली. प्रार्थना मात्र कधी म्हटली नाही. "लांडगा पाळलाय," ती म्हणायची, "नीट झाकत जा."

बेथोकने तिला एकदा विचारलं होतं, "सासूबाई, त्या दिवशी अंगणात जे बोललात, ते—"

"लापशी करपतेय बघ," एथ्ना म्हणाली.

*

तीच आग अजून चुलीत आहे. ती तडतडली की आई अजून दाराकडे बघते. आत्ताही बघते आहे. दारात भिजलेला माणूस आहेच.

"बाई? विस्तव?"

आई उठते. चिमट्यात एक निखारा धरते. पण पुढे करत नाही.

"राजाचं काळीज डबीत घातलंय म्हणालात."

"हो, चांदीच्या."

"झाकण घट्ट आहे ना?"

भिक्षू गोंधळतो. "घट्टच असेल की, बाई."

आई मेणबत्ती पेटवून देते. तो हाताने ज्योत झाकत निघतो. आई त्याच्या मागोमाग बाहेर पडते, आणि ती ज्योत टेकडीपलीकडे जाईपर्यंत जळणाच्या राशीपुढे पावसात उभी राहते.