सी ब्लॉकमधल्या नीताकाकू

सिंगापुरातल्या मराठी माणसाला भाड्याचं घर नाकारलं गेलं, की तो चार जणांत तावातावानं बोलतो. बातमीसाठी नाव विचारलं की मात्र त्याची बोबडी वळते. "तू लिही गं, अवश्य लिही. फक्त माझं नाव नको." क्षिप्रानं हे इतक्या जणांकडून ऐकलं होतं की समोरच्यानं 'अवश्य' म्हटलं की ती मनातल्या मनात वही मिटायची. ती सेरंगूनमध्ये लहानाची मोठी झालेली, एका छोट्या न्यूज पोर्टलची बातमीदार. भारतीयांना घर देताना काय चालतं यावर तिला व्हिडिओ करायचा होता, आणि नावानिशी बोलणारं माणूस सापडत नव्हतं.

सापडल्या त्या नीताकाकू. मूळच्या पुण्याच्या, राहायला यिशुनच्या एका काँडोत, म्हणजे खासगी सोसायटीत. नवरा सुबोध रॅफल्स प्लेसच्या बँकेत आयटी मॅनेजर, एम्प्लॉयमेंट पासवर, म्हणजे सरकारनं मुदतीपुरत्या दिलेल्या नोकरीच्या परवान्यावर. काकू ठेवणीतली साडी नेसल्या, क्षिप्राला आधी पोटभर पोहे खायला घातले आणि मग कॅमेऱ्यासमोर बसून सगळं सांगितलं. त्यांना तिथल्याच ए ब्लॉकमधला फ्लॅट हवा होता, मिळाला सी ब्लॉकमध्ये. एजंट म्हणाला, ए आणि बीचे मालक इंडियन घेत नाहीत, इंडियन सगळे सी ब्लॉकमध्ये; तुमचीच माणसं, तुम्हालाच बरं वाटेल. बोलण्याच्या भरात काकू पुढे म्हणाल्या, "मी सांगितलं ना त्याला, आम्ही तसले इंडियन नाही हो. आम्ही पुण्याचे. आमच्या स्वयंपाकाचे वास येत नाहीत."

घरासाठी फोन करताना आपली माणसं हे पालुपद हटकून लावतात. आयटीत आहोत, व्हेज आहोत, स्वयंपाक अगदी साधा. त्यात आपण काही वावगं बोलतो आहोत असं कुणाच्या मनातही येत नाही. क्षिप्राच्याही आलं नाही. तिनं ते वाक्य व्हिडिओत तसंच ठेवलं.

दुसऱ्या दिवशी एडविन टिओनं, म्हणजे तिच्या संपादकानं, तिला केबिनमध्ये बोलावलं. स्क्रीनवर तिचाच व्हिडिओ होता, पण निम्मा. ए ब्लॉक गेला होता, सी ब्लॉक गेला होता, 'इंडियन घेत नाहीत' गेलं होतं. उरलं होतं ते काकूंचं वासाचं वाक्य, तेही अगदी सुरुवातीला. वर नवं शीर्षक: 'स्वयंपाकाचे वास आणि चांगला शेजार'.

"वरून फोन आला होता," एडविन म्हणाला.

"कापा म्हणाले?"

"छे. नुसतं विचारलं. वंशाचा विषय नाजूक आहे, उगाच तेढ नको, स्वयंपाकाच्या सवयींवर करता येईल का."

"मग नाही म्हण ना."

"इथे नुसतंच विचारतात, क्षिप्रा. समजून घ्यायचं आपण." त्यानं चष्मा काढून डोळे चोळले. पोर्टलचं सरकारी लायसन्स, हाताखालच्या लोकांच्या नोकऱ्या, सगळं त्याच्याच डोक्यावर होतं. "आणि मी काही खोटं घातलेलं नाही. तुझी आंटी स्वतःच म्हणते ना, वासाचा प्रश्न आहे. तिचेच शब्द आहेत."

व्हिडिओ उद्या जाणार होता. तो असा गेला असता तर घर नाकारलेली बाईच घर नाकारणाऱ्यांची साक्षीदार ठरली असती, आणि हे काकूंना सांगितल्याशिवाय क्षिप्राला राहवणार नव्हतं. ऑफिस सुटल्यावर ती तडक यिशुनला गेली.

काकूंनी व्हिडिओ उभ्याउभ्याच बघितला. मग गॅस बंद केला आणि खुर्चीवर बसल्या.

"काकू, मी तुमचा भाग काढून टाकायला सांगते," क्षिप्रा म्हणाली.

"तेच कर," सुबोध म्हणाला. तो नुकताच घरी आला होता, अजून ऑफिसच्याच शर्टात. "पास रिन्यूला दिलाय, नीता. बँकेत कुणी बघितलं तर? नसती आफत कशाला?"

काकूंनी नवऱ्याकडे बघितलं. क्षिप्राला वाटलं, संपलं. यांचंही आता 'नाव नको'.

"मी म्हणाले होते ते," काकू म्हणाल्या. "त्यानं माझ्या तोंडात नाही घातलं. कॅमेरा आणलायस?"

या वेळी साडी नव्हती, पोहे नव्हते. घरातल्याच कपड्यांत, केस वर बांधून त्या बसल्या.

"आम्ही तसले इंडियन नाही, असं मी एजंटला म्हणाले. हे वाक्य कापू नका. वरच्या मजल्यावर सेल्वी राहते, तमिळ आहे. मी तापानं पडले तेव्हा तीच रसम घेऊन आली होती. तसले म्हणजे कोण? तीच ना? त्यानं आम्हाला सी ब्लॉकमध्ये टाकलं, आणि घर मिळावं म्हणून मी सी ब्लॉकमध्येसुद्धा सेल्वीला माझ्यापासून वेगळं काढलं. वास कुणाच्या स्वयंपाकाला येत नाही? एजंटनं मला वास विचारलाच नव्हता. इंडियन का, एवढंच विचारलं होतं. मी तेव्हा काय बोलले आणि का बोलले, दोन्ही दाखवा. एकच दाखवायचं असेल तर मला काढून टाका. माझं नाव नीता सुबोध कर्वे."

बड्या बड्या लोकांच्या मुलाखती तिनं घेतल्या होत्या. स्वतःची चूक इतक्या सरळ सांगणारं माणूस तिनं पहिल्यांदाच पाहिलं होतं. ती कॅमेरा बंद करणार, तेवढ्यात सुबोधनं खुर्ची ओढली आणि बायकोच्या शेजारी येऊन बसला. त्याचा चेहरा पडलेला होता, हात गुडघ्यांवर घट्ट.

"घर बघायला मीही गेलो होतो," तो म्हणाला. "ही जे म्हणते आहे ते खरं आहे. माझंही नाव घाल."

एडविननं सकाळी ते सगळं बघितलं. मध्ये कुठे कात्री लावता येईल का म्हणून पुन्हा मागे नेऊन बघितलं. वासाचं वाक्य ठेवावं तर सेल्वी येत होती, आणि सेल्वी काढावी तर काकूच उरत नव्हत्या.

"नवऱ्याला कळतंय ना, पासचं काय होऊ शकतं?"

"सगळ्यांत आधी त्यालाच कळलं," क्षिप्रा म्हणाली.

एडविननं स्क्रीनवरच्या सुबोधकडे बघितलं. मग फोन उचलून कालचाच नंबर लावला. "स्वयंपाकाचा व्हिडिओ रद्द केलाय," तो शांतपणे म्हणाला. "पहिलाच लावतोय, पूर्ण, आणि त्याला जोडून कालचं त्यांचं बोलणंही. नाही, निनावी नाही. दोघांचीही नावं आहेत."

पलीकडून बराच वेळ काहीतरी विचारणं चालू होतं. या वेळी एडविननं ते समजून घेतलं नाही.