ओळखीचं तेल

हिंमतराव खामगावातले तेलाचे व्यापारी. शेंगदाण्याच्या तेलात सरकीचं किती मुरतं, हे त्यांच्याइतकं बाजारात कुणाला ठाऊक नव्हतं. त्यामुळे जगात कुणी शुद्ध तेल विकत असेल, यावर त्यांचा विश्वास उरला नव्हता.

अशात त्यांची मोटार पाहून गॅरेजवाला म्हणाला, "इंजिनातलं तेल सडलं, मालक. बदललं नाही तं गाडी जाम होईन."

त्यांच्या मुलीला, कोकिळेला, पाहायला येणारे पाहुणे उद्या जलंब स्टेशनावरून मोटारीनं आणायचे होते. पण गॅरेजवाला जुनंच तेल गाळून परत भरणार, याची हिंमतरावांना खात्री. त्यांनी सीलबंद डबा आणला आणि काम घरच्या अंगणात काढलं.

ब्रेकवर विश्वास नव्हता, म्हणून चाकांना दगड लावले. जॅकवर नव्हता, म्हणून खाली सागाचे ओंडके सारले. तापल्या तेलावर तर मुळीच नव्हता, म्हणून चहा होईस्तोवर थांबले. इतकं सुरक्षित काम जिल्ह्यात कुणी केलं नसेल. मग खालचा नट सोडला, काळंशार तेल घमेल्यात उतरवलं, नट परत आवळला.

नवा डबा फोडून थेंबभर तेल तळहातावर चोळलं, हुंगलं, उन्हात धरलं.

"लयच साफ हाये," ते बायकोला म्हणाले.

"मंग साफच पाह्यजे ना?" पुष्पाबाई म्हणाल्या.

"इतकं साफ खरं नसते. मी का आजचा हाओ या धंद्यात?"

कुंपणापाशी शेजारचा पुंजाजी गाडीवान कधीचा घुटमळत होता. "मालक, ते काळं तेल मले देता का? बैलगाडीचा आस लय करकरते."

हिंमतरावांनी घमेल्याकडे पाहिलं, डब्याकडे पाहिलं. काळं असलं तरी ते ओळखीचं होतं.

"हा डबाच घेऊन जाय," ते म्हणाले, आणि जुन्या धोतराच्या फडक्यातून काळं तेल गाळून इंजिनात परत ओतू लागले.

"मंग गॅरेजवाला दुसरं काय करत होता?" पुष्पाबाईंनी विचारलं.

"तो चोरून करत होता. मी उघड करून राह्यलो."

दुसऱ्या दिवशी जलंबहून येताना मोटारीनं अर्ध्या वाटेत धूर सोडला, दात खाल्ले आणि बसली ती बसलीच. मागून पुंजाजीची रिकामी बैलगाडी आली. पाहुणे चढले, मागोमाग हिंमतराव.

बऱ्याच वेळानं मुलाचे वडील म्हणाले, "गाडी जराही वाजत नाही जी! कोणतं तेल घालता?"

"मालकानंच देल्लं," पुंजाजी खुशीत म्हणाला.

"असं? अन् मोटारीले कोणतं घालता, हिंमतराव?"

हिंमतराव वाकून आसाकडे पाहत होते.

"पयल्या दिवशी," ते म्हणाले, "कोणतंही नवं तेल चालते."